ओली कड

साडेचारपर्यंत छत पांढरं होतं.
मग खाडीकडून ऊन आलं, आडवं,
आणि शनिवार-रविवार मान मोडून मी रंगवलेल्या छतावर
वहीच्या पानासारख्या रेघा उमटल्या.

"वर कोण बघतंय," सुधन्वा म्हणाला.
मी बघतेय.
कामोठ्यातल्या तिसऱ्या मजल्यावर चटईवर उताणी पडून
कोपराचा रंग खरवडत मोजतेय :
पंख्याच्या या अंगाला सात पट्टे, त्या अंगाला सहा,
आणि एक, जिथे मी चहाला खाली उतरले होते.
तो सगळ्यांत ठसठशीत.

सोमवारी रजा टाकली,
पट्ट्यांवर तेवढ्यापुरता हात मारला.
वाळल्यावर पट्ट्यांना पट्टे आले.

मंगळवारी जिना रंगवणारे हसुराम वर आले.
जुईचे. वडील मिठागरात कामाला होते,
हे त्यांनी छताकडे बघत सांगितलं, मला नव्हे.
पडदा ओढायला लावला, टेबललॅम्प मागितला
आणि छताला गाल टेकवल्यासारखा धरला.
माझी प्रत्येक चूक आपापली सावली घेऊन उभी राहिली.

"पंखा लावलेला?"
लावला होता. घाम येत होता.
"रंगात पानी?"
घातलं होतं. पुरावा म्हणून.
"मंग?"
एवढंच. मग पंख्याचं बटण बंद करून
त्यावर चिकटपट्टी लावली,
रांगतं मूल असलेल्या घरात लावतात तशी.

"ओली कड सुकू देवाची नाय."
मला आधी देव ऐकू आला.
मग कळलं : द्यायची नाही.
मिठागरात पण तसाच, म्हणाले.
तळ तुडवायचा, फळीनं ओढायचा, तो एका ओलीत.
अर्धा आज, अर्धा उद्या केला
की जोडावरचं मीठ मातकट निघतं,
आणि व्यापारी बोट ठेवतो ते नेमकं तिथंच.

दुपारभर आम्ही छत घासलं.
दोनशेवीसचा पॉलिश पेपर. पापण्यांवर पीठ,
वरणाच्या पातेल्यावरच्या झाकणावर पीठ.
ओल्या फडक्यानं पुसलं, वाळू दिलं,
मग खिडकीपासून आत, उजेड जातो त्या वाटेनं,
ते घोडीवर, मी स्टुलावर,
त्यांच्या पट्ट्याची कड ओली आहे तोवर
माझा पट्टा तिच्यावर चढलेला हवा.
रोलर भरलेला, पण ठिबकणारा नको.
बोलायचं नाही. बोललं की हात जड पडतो.

पंख्याच्या दांडीपाशी पोचलो तेव्हा माझा फोन वाजला.
कुंदाताई.
आईच्या तेराव्याला शिवणयंत्रावरून जे झालं
त्यानंतर पहिल्यांदा. आठ महिन्यांनी.
फोन खिडकीच्या कट्ट्यावर थरथरत
कडेकडे सरकत गेला.
हसुरामनी खाली बघितलं नाही.
माझ्या रोलरपुढे हातभर ओल होती
आणि ती बघता बघता मिटत होती.
मी पुढचा पट्टा ओढला.

काम झाल्यावर त्यांनी अठराशे घेतले,
आणि उरलेला डबाही.

बुधवारी साडेचारला ऊन आलं,
छतभर हिंडलं,
काही न सापडता समोरच्या इमारतीवर गेलं.
सुधन्वाला मी हाक मारून दाखवलं.
"आधीपण असंच होतं," तो म्हणाला.

रात्री मी फोन लावला.
"अगं, चुकून लागला असेल," ताई म्हणाली.
मग जेवलीस का. मग तिचे गुडघे.
मग गॅसवाला, मग माझ्या छताची गोष्ट, हसुराम, अठराशे.
ती हसली, मीही.
यंत्राचं मी काढलं नाही, तिनंही नाही.
बोलणं कुठेही न अडखळता
या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत गेलं.

दिवा मालवून मी ते ऐकत होते, उताणी.
अंधारात कुठलंही छत एकसारखंच.
टेबललॅम्प अजून उशाशीच होता,
हात लांब केला असता तर.